मालकाचे खापरपणजोबा

लॉकडाऊनच्या पहिल्या वर्षी मी एका माणसाचं चरित्र लिहिलं. स्वीडनमधला, एकोणिसाव्या शतकातला माणूस. त्यांचा लोखंडाचा कारखाना होता, तिथल्या संसदेत ते उदारमतवादी गटाचे पुढारी होते, आणि मी मेलबर्नमध्ये ज्या फाउंड्रीत काम करते तिच्या मालकाचे ते खापरपणजोबा होते. मला स्वीडिश येत नाही. लिहिण्याशी माझा संबंध लॅबच्या रिपोर्टपुरता. तरी ते काम माझ्याकडे आलं, कारण एप्रिलमध्ये लॅबचं काम आठवड्याला तीन दिवसांवर आलं आणि मालकाला मला कामावरून काढायचं नव्हतं.

"तुम्ही लोक मन लावून करता," तो म्हणाला. "दोन दिवस घरून हे कर."

मी मेटलर्जिस्ट. मूळची कोल्हापूरची. वडील शिरोलीच्या एका फाउंड्रीत वाळूचे साचे करणारे मोल्डर होते. संध्याकाळी घरी आले की त्यांच्या कानातून वाळू निघायची. मी इथे मास्टर्सला आले, uni संपल्यावर दोन वर्षं सुपरमार्केटच्या ट्रॉल्या गोळा केल्या, आणि मग ही नोकरी लागली. चाळीस माणसांची फाउंड्री. सोन्याच्या खाणीत खडक दळायला प्रचंड पिंपं असतात, त्यांना आतून जाड लोखंडी पट्ट्या लावतात. त्यांना लायनर म्हणतात. ते झिजले की बदलायचे. कालगुर्लीची एक खाण आमचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक. ती खाण थांबली नाही, म्हणून आम्हीही थांबलो नाही.

मालक वाईट माणूस नव्हता, हे आधी सांगायला हवं. सत्तरीचा, उंच, हळू बोलणारा. सगळे त्याला नावाने हाक मारत. प्रत्येकाच्या मुलांची नावं त्याला पाठ होती. मार्चमध्ये दुकानातले टॉयलेट पेपर संपले तेव्हा त्याने स्वतः गाडी काढून प्रत्येक कामगाराच्या दारात एकेक गठ्ठा ठेवला. वेरिबी या उपनगरात आमच्या दाराशी आला तेव्हा माझ्या मुलीने काचेतून हात हलवला, त्याने टोपी काढून तिला वाकून नमस्कार केला. नंतर त्याच दारात त्याने दोन खोकी आणून ठेवली. त्याच्या आईने आयुष्याची शेवटची वर्षं खापरपणजोबांची पत्रं इंग्रजीत भाषांतर करण्यात घालवली होती. टाइप केलेले पिवळे कागद, पेन्सिलने दुरुस्त्या. त्यांतून एक छोटं पुस्तक करायचं होतं, फाउंड्रीच्या वर्धापनदिनाला वाटायला.

मी दर मंगळवारी arvo ला, म्हणजे दुपारी, त्याला व्हिडिओवर भेटायचे आणि लिहिलेलं वाचून दाखवायचे. त्याच्या मागे भिंतीवर खापरपणजोबांचं तैलचित्र असायचं. पांढरे कल्ले, छातीवर पदक, डोळे मालकाचेच.

"हे फार रडकं झालंय," तो हसत म्हणायचा. "तुझं इंग्लिश एखाद्या तक्रार अर्जासारखं आहे. परत लिही."

मी परत लिहायचे. राग यायचा, पण तो बरोबर असायचा. दोन महिन्यांत मी बरं लिहायला लागले.

आणि खरं सांगायचं तर मला ते खापरपणजोबा आवडायला लागले होते. एका गरीब पाद्र्याचा चौथा मुलगा. एकोणिसाव्या वर्षी जंगलातल्या एका लोखंड कारखान्यात कारकून म्हणून लागले. मालकाने त्यांना इंग्लंडला पाठवलं, तिथल्या भट्ट्या बघून यायला. तिथे भट्टीजवळ परक्याला कागद-पेन्सिल नेऊ देत नसत. हे दिवसभर बघायचे, खोलीवर येऊन आठवून चित्रं काढायचे. परत आले तोवर मालक वारला होता. त्यांनी मालकाच्या विधवेशी लग्न केलं. ती अकरा वर्षांनी मोठी. तिचा आधीचा एक मुलगा होता, त्याला त्यांनी जहाजावर नोकरीला लावून दिलं. तो परत आल्याचा उल्लेख कुठे नाही.

पुढे कारखाना वाढला. त्यांनी कामगारांच्या मुलांसाठी शाळा काढली. राजधानीतल्या एका वर्तमानपत्राला पाठबळ दिलं, आणि त्यावर बंदी आली तेव्हा छपाईची यंत्रं स्वतःच्या गोदामात लपवली. संसदेत गेले. त्या काळी तिथे मालकाला नोकराला मारायचा कायदेशीर हक्क होता. त्याविरुद्ध ते वर्षानुवर्षं बोलले. त्यांची भाषणं मी वाचली. माणसाच्या पाठीवर दुसऱ्या माणसाचा हात पडता कामा नये, एवढी एकच गोष्ट ते शंभर तऱ्हांनी सांगत. माझ्या वडिलांना त्यांच्या पहिल्या मिस्त्रीने गरम सळईने दिलेला डाग मी लहानपणापासून पाहिला होता. मला त्या भाषणांनी भरून आलं.

मग दुसऱ्या खोक्यातली पत्रं आली. ती मुकादमाची होती. खापरपणजोबा राजधानीत असताना कारखाना मुकादम बघायचा आणि आठवड्याला पत्र लिहायचा. त्यांची उत्तरंही जोडलेली होती.

त्यांच्या कारखान्यात मार बंद होता, हे खरं. त्याऐवजी चूक करणाऱ्याचं घर काढून घेत. घरं कारखान्याची. माणूस कामावरून गेला की बायकापोरं त्याच दिवशी रस्त्यावर, आणि शिफारसपत्राशिवाय दुसरा कुणी कामाला घेत नसे. एका पत्रात मुकादम लिहितो: दारू पिऊन आलेला एक लोहार विनवतोय की मला मारा, हवे तेवढे मारा, पण हिवाळा संपेपर्यंत घर राहू द्या. त्यांनी उलट टपाली कळवलं की मारणं आपल्या तत्त्वात बसत नाही.

मी ते मंगळवारी मालकाला वाचून दाखवलं. तो खूप हसला. "असेच होते ते! तत्त्व म्हणजे तत्त्व!" हे ठेवू या, म्हणाला.

त्यानंतरची पत्रं कॉलऱ्याच्या उन्हाळ्यातली होती. बंदराकडून साथ वर सरकत येत होती. कारखान्याची कोळशावर चालणारी मोठी भट्टी एकदा पेटवली की महिनोन्महिने विझवायची नसते. विझली तर आतलं सगळं थिजून बसतं आणि भट्टी फोडावी लागते. त्यांनी राजधानीतून हुकूम पाठवला. नदीवरचा पूल बंद करा. भट्टीवरची माणसं आत ठेवा, त्यांची घरं नदीपलीकडे आहेत ती पलीकडेच राहू देत. अन्न पुलाच्या मध्यावर ठेवा. साथ संपेपर्यंत कुणी इकडचं तिकडे जायचं नाही.

एका भट्टीवाल्याची मुलगी पलीकडे आजारी पडली. सहा वर्षांची. त्याची बायको रोज पुलाच्या टोकाशी येऊन ओरडून सांगायची, आज पाणी पोटात राहिलं, आज नाही राहिलं. मुकादमाने लिहिलं: याला एक दिवस जाऊ द्यावं का? उत्तर दोन ओळींचं होतं. जायचं तर जाऊ दे. मग परत यायचं नाही, आणि घर शनिवारपर्यंत मोकळं करावं.

तो गेला नाही. मुलगी वारली. मुकादमाने कळवलं की त्या दिवशीही लोखंड वेळेवर ओतलं गेलं आणि प्रत उत्तम होती.

त्याच आठवड्यातलं संसदेतलं भाषणही माझ्याकडे होतं. माणसाच्या पाठीवर दुसऱ्या माणसाचा हात.

मी तीन परिच्छेद लिहिले. शब्द मोजून, न रडता, त्याने शिकवलं होतं तसे. मंगळवारी वाचले. 

"पूल बंद केल्यामुळे आतलं कुणी मेलं नाही," मालक म्हणाला. "हे तू लिहिलं नाहीस."

"पत्रात तसं काही नाही."

"भट्टी विझली असती तर त्या सगळ्या घरांत चूल पेटली नसती. तू मेटलर्जिस्ट आहेस. तुला मी सांगायचं?"

"तेही लिहिते. दोन्ही ठेवू."

"नको." त्याचा आवाज चढला नाही. "माझ्या आईने हे भाषांतर केलं, बंद केलं आणि परत कधी उघडलं नाही. ती ज्याला परत हात लावू शकली नाही ते कुणी तिऱ्हाईताने वाटायचं पुस्तक करून छापावं, असं मला वाटत नाही. काढून टाक. No worries?"

"No worries," मी म्हणाले. आणि काढून टाकलं. हे सांगायला लागला तेवढा वेळसुद्धा लागला नाही.

जुलैमध्ये मेलबर्नची दुसरी लाट सुरू झाली. मास्क, कामाचं परमिट, घरापासून पाच किलोमीटरची हद्द. कालगुर्लीच्या लायनरची मोठी ऑर्डर अर्ध्यावर होती. आमच्याकडे भट्टीवर तिघं असायचे. त्यांतला एक आईला बघायला भारतात गेला आणि तिकडेच अडकला, दुसरा नोकरी सोडून गेला होता. उरला एकच. तो इस्लामपूरकडचा, माझ्याहून चार वर्षांनी लहान. स्टुडंट व्हिसावर कुकिंगचा कोर्स करायला आला होता आणि आयुष्यात अंडंही न खाल्लेला हा माणूस किचनमध्ये टिकला नाही. पण भट्टी त्याला वाचता यायची. वितळलेल्या लोखंडावरच्या मळीचा रंग बघून सांगायचा की अजून दोन मिनिटं. माझं यंत्र तेच पाच मिनिटांनी सांगायचं. तो मला ताई म्हणायचा. त्याच्या परमनंट रेसिडन्सीचा अर्ज आमच्या मालकाच्या स्पॉन्सरशिपवर होता, अजून सरकारी खात्यात पडलेला. बायको वृद्धाश्रमात केअरर होती. त्या महिन्यात मेलबर्नच्या वृद्धाश्रमांत कोविडने रोज माणसं मरत होती, ते सगळ्यांना माहीत होतं.

एका बुधवारी सकाळी त्याचा मेसेज आला. बायकोला ताप आहे, दोघांनी टेस्ट दिली आहे, रिझल्ट येईपर्यंत घरी थांबतो. नियम तोच होता. मी मालकाला कळवलं.

दहा मिनिटांनी मालकाचा फोन आला. "उद्या आणि परवा ओतकाम आहे. त्याच्याशिवाय होणार नाही, बरोबर?"

"बरोबर. पण त्याला ये म्हणून सांगता येणार नाही. नियम..."

"मी सांगणार नाही. मी सांगितलं तर तो हुकूम होईल. त्याला स्वतःला ताप नाही ना? मग तू फक्त बोल त्याच्याशी. तुमच्या भाषेत. इंग्लिशमध्ये ती सूचना होते. तुमच्या भाषेत ती एक विनंती असेल, घरच्यासारखी."

मी त्याला नाही म्हणू शकले असते. पुढे या दिवसाचा मी खूप विचार केला आहे, आणि दर वेळी मला हेच दिसतं की मला कुणी धमकी दिली नव्हती. माझी PR झालेली होती. नवऱ्याची IT ची नोकरी घरून चालू होती. मला फक्त मंगळवार आवडायला लागले होते. त्या माणसाने माझं लिहिलेलं ऐकून "हे छान" म्हणणं आवडायला लागलं होतं.

मी किचनमध्ये उभी राहून फोन लावला. एरवी आम्ही दोघं कामावर जशी सगळे बोलतात तशी, अर्धी इंग्लिश मराठी बोलायचो. त्या दिवशी मी ठरवून तशी बोलले नाही.

"काय रं, कसा हाईस? वैनीचा ताप उतरला का?"

 मग त्याचाही आवाज बदलला. "हाय की जरा. झोपलीया. तू काय म्हंतीस ताई?"

"अरं, माझं लई अडलंय बघ. उद्याचं ओतकाम. तू नसलास तर समदं माझ्या अंगावर येतंय."

"ताई, टेस्ट दिलीया. रिझल्ट आला न्हाई अजून."

"तुला काय हुतंय का?"

"मला न्हाई काय."

"मग ये की तेवढं दोन दिस. मास्क लाव, लांब उभा ऱ्हा. भावासारखा हाईस म्हणून म्हंते, दुसऱ्याला म्हणले नसते."

पलीकडे घराच्या आतून त्याच्या बायकोचा खोकला ऐकू आला.

"तू म्हंतीस तर येतो," तो म्हणाला.

माझी मुलगी टेबलाशी ऑनलाइन शाळेत होती. हेडफोन काढून तिने विचारलं, "मम्मा, व्हाय आर यू टॉकिंग लाइक आजी?"

मी तिला म्हणाले, अभ्यास कर.

तो दोन दिवस आला. ओतकाम उत्तम झालं. गुरुवारी जेवणाच्या सुट्टीत पाऊस होता, म्हणून तो बाहेर न बसता आतल्या खोलीत बसला. तिथे आमचा पॅटर्न मेकर बसायचा. लाकडाचे नमुने बनवणारा तो म्हातारा इटालियन लहानपणी आईबापांबरोबर जहाजाने आलेला आणि त्या नाताळात रिटायर होणार होता. दोघांची जुनी गट्टी. म्हातारा त्याच्या डब्यातला मिरचीचा ठेचा ब्रेडवर लावून खायचा आणि डोळे पुसत शिव्या द्यायचा. त्या दिवशीही त्यांनी खाल्लं. मास्क काढूनच खावं लागतं.

शुक्रवारी दुपारी रिझल्ट आला. दोघंही पॉझिटिव्ह.

फाउंड्री बंद झाली. सगळ्यांच्या टेस्ट झाल्या. म्हातारा मंगळवारी हॉस्पिटलमध्ये गेला आणि बाराव्या दिवशी वारला. बायकोला आत जाऊ दिलं नाही; नर्सने टॅब्लेट धरून ठेवला होता, असं त्याच्या मुलीने नंतर सांगितलं. दफनाला दहाच माणसं चालत होती. मालक त्या दहांत होता.

म्हातारा अजून जिवंत असताना मालकाने मला फोन केला. आरोग्य खात्याची माणसं चौकशी करणार होती, कोण कधी आलं, का आलं.

"ते त्याला विचारतील," मालक म्हणाला. "तुमचं काय बोलणं झालं मला माहीत नाही. मी त्या फोनवर नव्हतो. मला ते माहीत करूनही घ्यायचं नाही." मग म्हणाला, "तू काळजी करू नकोस. मी तुझ्यामागे आहे."

मी लगेच इस्लामपूरकराला फोन लावला. तो आजारी होता. वाक्य पुरं करायला त्याला दोनदा श्वास घ्यावा लागत होता. मी आधी तब्येत विचारली. मग म्हणाले, "तुला विचारतील तू टेस्ट देऊन कामाला का आलास."

"मग काय सांगू, ताई?"

या वेळी मी साधी मराठी बोलले. "तुला योग्य वाटेल ते सांग. फक्त तुझी PR ची फाइल कुणाच्या सहीवर आहे ते लक्षात ठेव."

 मी हॅलो, हॅलो केलं.

"म्हातारा कसा हाय?" त्याने विचारलं.

"बरा आहे," मी म्हणाले. म्हातारा तेव्हा व्हेंटिलेटरवर होता.

त्याने चौकशीत सांगितलं, "टेस्टचं मी कुणालाच कळवलं नव्हतं, मला वाटलं साधी सर्दी आहे, चूक माझी." त्याचा तो बुधवारचा मेसेज माझ्या फोनवर होता. तो कुणी मागितला नाही आणि मी दाखवला नाही. दोन आठवड्यांनी मी पुसला.

सप्टेंबरमध्ये मालकाने ठरवलं की त्याला ठेवता येणार नाही. बाकीचे कामगार चिडले होते. म्हाताऱ्याचे दोन दोस्त उघड म्हणत होते की त्या इंडियनने त्याला मारलं. कामावरून काढल्याचं पत्र लिहायचं होतं.

"तू लिही," मालक म्हणाला. "तुझा हात आता चांगला बसलाय. कडवट नको. त्याचा मान राहील असं लिही."

मी लिहिलं. त्याने केलेल्या मोलाच्या कामाबद्दल आभार मानले. आरोग्याच्या नियमांचा गंभीर भंग झाल्यामुळे नाइलाज आहे, असं लिहिलं. पुढच्या वाटचालीस शुभेच्छा दिल्या. मालकाने एक शब्द बदलला नाही. स्पॉन्सर गेला म्हणजे दोन महिन्यांत नवा शोधायचा, नाहीतर देश सोडायचा. सरकारी मदत टेम्पररी व्हिसावरच्या लोकांना नव्हतीच. त्याच्याकडून पत्राला उत्तर आलं: Received, thank you. मला वेगळा फोन आला नाही.

पुस्तक ऑक्टोबरात छापून झालं. गुळगुळीत कागद, वर तैलचित्र. शेवटच्या प्रकरणात खापरपणजोबा म्हातारे होतात, नोकराला मारायचा हक्क कायद्याने जातो, संसदेत सगळे उठून उभे राहतात. त्यांच्या अंत्ययात्रेला कामगारांनी खांदा दिला, त्यासाठी भट्टीचं काम एक तास थांबवलं होतं, असं पत्रात होतं. ते मी घेतलं. मालकाला ते फार आवडलं. प्रती सगळ्यांना पोस्टाने गेल्या. पत्त्यांची यादी जुनीच वापरली होती, त्यामुळे म्हाताऱ्याच्या घरी आणि काढून टाकलेल्यांच्या घरीही गेल्या. जानेवारीत मला प्रॉडक्शन मॅनेजर केलं. मी अजून तिथेच आहे.

राज्यांच्या सीमा उघडल्यावर एका सुट्टीत आम्ही ब्रिस्बेनला गेलो. नवऱ्याचा मित्र स्प्रिंगफील्ड लेक्सला राहतो. त्याच्या बायकोने सहज सांगितलं की मागच्या गल्लीत एक इस्लामपूरचं कुटुंब आलंय, तुमच्या मेलबर्नचंच. नवऱ्याला कत्तलखान्यात काम मिळालंय, तिथे स्पॉन्सर करतात. बोलावलंय तुम्हाला दुपारी जेवायला. नाही म्हणायला कारण सापडेना.

दार त्याच्या बायकोने उघडलं. पूर्वी वेरिबीत भेटलो की ती मला गळ्यात पडून तू म्हणायची. आता म्हणाली, "या, बसा तुम्ही." पाणी आणलं. "तुम्ही चहा घेता ना अजून?" तो शिफ्टवरून यायचा होता. सकाळी चारला जातो, म्हणाली, दुपारी येतो. पहिले तीन महिने घरी येऊन जेवतच नव्हता. आता जेवतो.

बाकीचे मागच्या अंगणात गेले आणि मी किचनमध्ये तिच्याबरोबर राहिले. ती कणीक मळत होती. माझ्याकडे न बघता म्हणाली, "एक विचारू का तुम्हाला? दोन वर्षं विचारीन म्हणतेय."

"विचार की."

"त्या बुधवारी मी तापात होते. हा फोन घेऊन अंगणात गेला. आत आला आणि डबा भरायला लागला. मी भांडले. म्हटलं, कुणाचा फोन होता? म्हणाला, सुपरवायझरचा. पण मला ऐकू येत होतं, तो गावाकडचं बोलत होता. सुपरवायझर तर गोरा होता ना तुमचा?" आता तिने वर पाहिलं. "तुमचा होता का हो तो फोन?"

"नाही," मी म्हणाले.

तिने कणकेचे हात तसेच ठेवले आणि रडायला लागली. "मला वाटलंच होतं. कसा असेल तुझा? उगाच इतके दिवस मनात धरून बसले गं. त्याच्या आईचा असेल, तिला सवय आहे त्याच्या नोकरीत नाक घालायची. माफ कर हं." आणि कोपराने माझा खांदा जवळ ओढला. माझ्या बाहीला कणीक लागली.

तो अडीचला आला. अंघोळ करून, ओले केस मागे फिरवत टेबलाशी बसला. बारीक झाला होता. "कवा आलीस, ताई?" म्हणाला. मी म्हणाले आत्ताच. पुस्तक मिळालं, म्हणाला, वाचलंही. चांगला माणूस होता म्हणायचा तुमच्या मालकाचा आजोबा. मी म्हणाले, हो.

बायकोने गरम पोळी वाढत त्याला आनंदाने सांगितलं, "अहो, मी विचारलं हिला. हिचा नव्हताच तो फोन."

त्याने माझ्याकडे पाहिलं. फार वेळ नाही.

"तुला सांगितलं हुतं की मी," तो तिला म्हणाला, आणि भाजीचं भांडं माझ्याकडे सरकवलं.